मोह आपला, दारूचा कायदा कोणाचा?

(ऑगस्ट १९९७ मध्ये पेरण्या उरकल्यावर अक्राणीत झालेल्या शिबिरात एका तरुण कार्यकर्तीने केलेलं भाषण. बोलण्यातली पुनरुक्ती तेवढी काढली आहे, बाकी बोलल्याप्रमाणे ठेवलं आहे.)



पावसात नदीनाले ओलांडून आलेल्या सगळ्या आयाबायांना, कारभाऱ्यांना, जुन्या कार्यकर्त्यांना आणि आश्रमशाळेतून दांडी मारून आलेल्या पोरांनाही जिंदाबाद.

काल रात्री गटचर्चेत दोन ठराव तयार झाले. एक ठराव बायांच्या गटाचा. तो म्हणतो, आपल्या भागात दारू पूर्ण बंद झाली पाहिजे, सगळ्या भट्ट्या फोडायच्या, आणि पोलिसांनी कडक कारवाई करावी म्हणून तहसीलवर मोर्चा न्यायचा. दुसरा ठराव बहुतेक पुरुषांचा. तो म्हणतो, मोहाची दारू हा आदिवासीचा रिवाज आहे, त्यात सरकारनं पडू नये आणि संघटनेनंही पडू नये. मला दोन्ही ठरावांवर बोलायला सांगितलं आहे. मी आधीच सांगून टाकते, मला दोन्ही पटले नाहीत. का पटले नाहीत ते सांगते, मग तिसरा ठराव मांडते. नंतर हात वर करायचे का नाही ते तुम्ही ठरवा.

दारूनं काय होतं हे बायांना मी काय सांगणार? बाजाराच्या दिवशी मजुरीचे पैसे घरी येत नाहीत, ते वाटेतच राहतात. मार कोण खातं, उपाशी कोण झोपतं, हे इथं बसलेल्या प्रत्येक बाईला माहीत आहे. बायांचा राग खरा आहे. त्या रागाला कोणी इथं हसलं तर मी बोलायची थांबेन.

पण आपली संघटना जमिनीची आहे. म्हणून मी दारूकडं जमिनीच्या बाजूनं बघते. आपले म्हातारे सांगतात, सावकाराच्या ओट्यावर आधी बाटली यायची, मग कागद यायचा, मग अंगठा. १९७४ चा जमीन परत करायचा कायदा आपण इतकी वर्षं लढवतो. १ एप्रिल १९५७ ते ६ जुलै १९७४ ह्या काळात बिगर-आदिवासीकडं गेलेल्या जमिनी त्यात धरतात. त्या केसेस लिहून घेताना आपण विचारतो, बाबा, जमीन कशी गेली? कोणी म्हणतं लग्नापायी, कोणी म्हणतं दुष्काळात, आणि कितीतरी जण खाली बघून म्हणतात, "पिण्यात गेली." हे एक.

दुसरं पण ऐका. दारूच्या पोलीस केसमध्येही जमीन जाते. भट्टी पकडली, माणूस नेला. जामिनाला पैसे कोण देतं? तोच सावकार. धुळ्याला, शहाद्याला तारखेवर तारखा, प्रत्येक तारखेला एक दिवसाची मजुरी बुडाली, एसटीचं भाडं गेलं, वकिलाचे गेले. दोन वर्षांनी निकाल लागतो तोवर शेत गहाण पडलेलं असतं. म्हणजे पिण्यानं जमीन जाते आणि पिण्याच्या कायद्यानंही जमीन जाते. पहिला ठराव एकच वाट बंद करतो आणि दुसरी आणखी रुंद करतो. दुसरा ठराव तर दोन्ही वाटा उघड्याच ठेवतो.

आता हा कायदा आला कुठून ते बघू. पूर्वी मोहाच्या दिवसात घरोघर दारू निघायची. सण, लग्न, मयत, देवाचं काम, तेवढ्यापुरती. मोह संपला की दारू संपली. वर्षभर रोज प्यायला पुरेल एवढा मोह कोणाकडं होता? दुष्काळात तर मोहाची फुलं शिजवून खाऊन माणसं जगली. इंग्रजानं १८७८ ला मुंबई इलाख्यात अबकारी कायदा केला. घरी दारू काढणं गुन्हा झाला. प्यायची तर सरकारच्या ठेकेदाराच्या दुकानातून विकत घ्यायची. मग १८९२ ला खुद्द मोहाच्या फुलांवर कायदा केला. इंग्रजाला आदिवासीची व्यसनं सोडवायची नव्हती. त्याला महसूल पाहिजे होता. घरची दारू बंद केल्याशिवाय दुकानची खपणार कशी? दुकानात उधारी सुरू झाली, उधारीचं व्याज सुरू झालं, आणि दारूवाला जमीनवाला झाला. गुजरातच्या आदिवासी पट्ट्यात पारशी दारूवाल्यांनी अशाच जमिनी केल्या.

आपल्या माणसांनी हे मुकाट्यानं सोसलं नाही. १९२२ ला समुद्राकाठच्या लोकांत देवी सुरू झाली. पालघरकडून ती दक्षिण गुजरातेत, डांगात, इकडं खानदेशापर्यंत आली. अंगात आलेल्या देवीनं सांगितलं, दारू-ताडी सोडा, रोज अंघोळ करा, आणि दारूवाल्या पारशाकडं कामाला जाऊ नका. शेवटचं वाक्य लक्षात ठेवा. मग १९३८ च्या सुमाराला आपल्या तळोद्याकडं मोरवडला गुलाम महाराज झाले. हजारो भिल्ल आरतीला जमायचे, एकमेकांना 'आप' म्हणायचे, आणि दारू सोडायचे. महाराज १९३८ ला वारले, पुढं त्यांच्या भावानं, रामदास महाराजांनी, काम चालवलं. ह्यात कुठं पोलीस होता? लोकांनी आपण होऊन ठरवलं आणि पाळलं. त्यामुळं कोणी मला म्हणालं की दारू सोडणं हे बाहेरच्यांचं शहाणपण आहे आणि पिणं हाच आदिवासीचा धर्म आहे, तर मी म्हणेन, तुम्हाला तुमच्याच आज्याचा इतिहास माहीत नाही.

स्वातंत्र्यानंतर काय झालं? १९४९ ला मुंबई दारूबंदी कायदा आला. त्याच्या कलम ६५ मध्ये दारू काढणं गुन्हा, विकणं गुन्हा, आणि काढायची भांडीकुंडी जवळ ठेवणंही गुन्हा आहे. मोहाच्या फुलालाही कायद्यात धरलं आहे. आपल्याच झाडाचं फूल, पण ठरवलेल्या वजनाच्या वर घरात ठेवायचं तर परवाना लागतो. नाव दारूबंदीचं, आणि त्याच कायद्याखाली महाराष्ट्र सरकारनं १९७३ ला देशी दारूचे नियम केले, दुकानांना परवाने दिले. ती देशी दारू कशाची असते? साखर कारखान्याच्या मळीपासून केलेल्या स्पिरिटची. ऊस तोडायला आपण जातो, मळी कारखान्याची, दुकान परवानेवाल्याचं, महसूल सरकारचा, आणि गिऱ्हाईक परत आपणच. मळीची दारू कायदेशीर आणि फुलाची दारू बेकायदेशीर, ह्यात तब्येतीचा विचार कुठं आहे मला कोणी दाखवा.

आणि बघा, त्याच सुमाराला, १९७२-७३ ला, शहाद्याकडच्या आदिवासी बाया श्रमिक संघटनेत जमल्या आणि गावोगाव जाऊन दारूचे मडके फोडत होत्या. बाया मडके फोडत होत्या आणि सरकार दुकानाचे नियम लिहीत होतं.

आपण राहतो ते ठिकाण तीन राज्यांच्या कोपऱ्यात आहे. नर्मदेच्या पलीकडं मध्य प्रदेश, पश्चिमेला गुजरात, इकडं महाराष्ट्र. सोयरीक तिन्हीकडं, देव तिन्हीकडं तेच, याहा मोगीला जाणारी माणसं तिन्हीकडची. मोहाचं झाडही तेच. कायदे मात्र तीन. गुजरातेत तोच १९४९ चा कायदा, पूर्ण बंदी, दुकानही नाही. महाराष्ट्रात दुकान चालतं, घरची भट्टी चालत नाही. मध्य प्रदेशात अनुसूचित भागातल्या आदिवासीला घरच्या वापरापुरती दारू काढायची मुभा आहे. म्हणजे माझी मावशी पलीकडं देवापुढं धार टाकायला बाटलीभर काढते ती रिवाज पाळते, आणि माझी आई अलीकडं तेवढीच काढते ती आरोपी होते. मधी फक्त नदी आहे.

मग मध्य प्रदेशात सगळं बरं आहे का? नाही. तिथंही मार खाणाऱ्या बाया आहेत. गुजरातेत पूर्ण बंदी आहे तर तिथं दारू नाही का? सीमेवरच्या प्रत्येक माणसाला माहीत आहे रात्री कोणत्या रस्त्यानं खोकी जातात. म्हणून मी म्हणते, नुसती मुभा देऊन दारू आटोक्यात येत नाही आणि नुसती बंदी घालूनही येत नाही. कायदा कोणाच्या हातात आहे ह्यानं फरक पडतो.

बंदी पोलिसाच्या हातात दिली तर काय होतं ते आंध्रात बघा. नेल्लोर जिल्ह्यातल्या दुबगुंटा गावच्या बायांनी १९९२ ला अर्राक दारूविरुद्ध लढा सुरू केला. साक्षरता वर्गातून तो सुरू झाला, आपल्यासारख्याच मजूर बाया. लढा राज्यभर गेला. १९९३ ला अर्राक बंद झाली. जानेवारी १९९५ ला पूर्ण दारूबंदी झाली. आणि ह्या वर्षी सरकारनं ती उठवली, कारण तिजोरी रिकामी झाली आणि चोरटी दारू सगळीकडं झाली. बायांनी लढून मिळवलेली गोष्ट सरकारच्या हातात गेली आणि सरकारनं ती आपल्या सोयीनं मोडली. गडचिरोलीत १९९३ पासून जिल्ह्यात दारूबंदी आहे, तिथं आदिवासींनी आणि कार्यकर्त्यांनी गावोगाव फिरून ठराव केले म्हणून ती आली. तिथलेही कार्यकर्ते म्हणतात, गाव जागं असेल तिथं बंदी टिकते, नाही तिथं ती कागदावर असते.

आता आपल्याकडं पकडतात कोणाला? तुम्ही आपापल्या पाड्यावरच्या केसेस आठवा. माझ्या पाड्यावर केस झाली ती एका विधवा बाईवर. दोन पोरं, अर्धा एकर खडकाळ जमीन, नवरा गेल्यावर तिनं दारू काढून विकायला सुरुवात केली. तिच्याकडून एका खात्याचे लोक हप्ता घ्यायचे. एका महिन्याला हप्ता चुकला, त्या महिन्यात भट्टी सापडली. नवसागर आणि काळा गूळ पोत्यांनी आणून देणारा गाडीवाला कधी सापडला नाही. ह्या वर्षी झेडपीच्या निवडणुकीत जीप भरून खोकी वाटली गेली, ती कोणाला दिसली नाहीत. आपण "कडक कारवाई करा" असा ठराव केला तर कडक कारवाई ह्या बाईवर होईल. हप्त्याचा भाव वाढेल, दुसरं काही होणार नाही. बायांचा ठराव बायांवरच उलटेल.

दुसऱ्या ठरावाच्या भावांना पण दोन गोष्टी विचारते. तुम्ही म्हणता रिवाज आहे. बरं. गूळ-नवसागरची दारू कधीपासून रिवाज झाली? आपल्या कोणत्या देवाला नवसागरची धार चालते? रोज सकाळी उठून पिणं कोणत्या पुजाऱ्यानं सांगितलं? आणि जातपंचात दंड दारूच्या रूपात घेऊन पंचांनी तिथंच बसून प्यायचा, हा रिवाज असेल तर तो मोडायला मी सगळ्यांच्या पुढं उभी राहीन. बाईची तक्रार ऐकायला बसलेला पंच तक्रारीच्याच पैशाची दारू पितो, तो न्याय काय देणार? रिवाजाच्या नावाखाली धंदा लपवू नका.

म्हणून मी तीन गोष्टी वेगळ्या करते. देवाची आणि कार्याची दारू एक. विक्रीचा धंदा दुसरा. आणि ज्याला व्यसन लागलं तो माणूस तिसरा. सरकारचा कायदा तिन्हीला एकच काठी मारतो. पहिल्यावर गावानं मर्यादा घालावी. दुसऱ्यावर गावानं बंदी घालावी, आणि आधी मोठ्या पुरवठादारावर घालावी. तिसऱ्याला मात्र काठीचा उपयोग नाही, त्याला औषध लागतं.

तिसऱ्याबद्दल थोडं सविस्तर बोलते, कारण संघटनेत ह्यावर कोणी बोलत नाही. आपण मोठमोठ्यानं म्हणतो, दारूड्याला खांबाला बांधा. काही गावांनी बांधलेही. बरीच वर्षं रोज पिणाऱ्या माणसाची दारू एकदम तोडली तर दुसऱ्या-तिसऱ्या दिवशी हात थरथरतात, घाम येतो, त्याला नसलेली माणसं, साप, किडे दिसायला लागतात, कधी झटके येतात. आपल्याला वाटतं भूत लागलं. त्यात माणूस मरूही शकतो. अशा माणसाला बांधून ठेवायचं नाही. पाणी द्यायचं, एकटं सोडायचं नाही, आणि दवाखान्यात न्यायचं. तिथं ह्यावर औषध आहे. दारू सुटल्यावर त्याला परत त्याच टोळक्यात एकटं पाठवायचं नाही, गावातल्या सुटलेल्या माणसांनी त्याच्यासोबत बसायचं. पुण्याला मुक्तांगण म्हणून केंद्र १९८६ पासून हे काम करतं, गर्द पिणाऱ्यांसाठी सुरू झालं, दारूवाल्यांनाही घेतं. आपल्याला पुण्याला जाणं परवडत नाही. पण आपल्या ग्रामीण रुग्णालयात चार खाटा आणि समजणारा एक डॉक्टर मागणं हा आपला हक्क आहे. गर्द-गांजाच्या १९८५ च्या कायद्यातसुद्धा कलम ३९ आहे. त्यात थोडा माल जवळ ठेवल्याबद्दल पकडलेल्या व्यसनी माणसाला कोर्ट तुरुंगाऐवजी उपचाराला पाठवू शकतं. एवढ्या कडक कायद्याला जर कळतं की व्यसनी माणूस हा रोगी आहे, तर आपल्याला का कळू नये?

मणिपूरचं उदाहरण सांगते. तिथं १९७० नंतरच्या काळात बाया रात्री गस्त घालून दारूवाल्यांना अडवायच्या. मग गर्द आली, पोरं सुयांनी टोचून घ्यायला लागली, एकच सुई चौघांत, आणि एड्स पसरला. आधी पोरांना पकडून तुरुंगात टाकलं. पोरं लपून टोचायला लागली, रोग आणखी पसरला. आता १९९६ ला तिथल्या राज्यानं एड्सचं धोरण केलं, त्यात असं धरलं की ज्याची सवय लगेच सुटत नाही त्याचा जीव तरी आधी वाचवा, स्वच्छ सुई द्या, दवाखान्याशी जोडा, मग सोडवा. आपल्याकडं सुया नाहीत. विचार मात्र आपल्यालाही लागू आहे. उद्या सुटेल तेव्हा सुटेल, पण आज मरू देऊ नका.

मरण्यावरून एक फार महत्त्वाचं. पोरांनो, हे लिहून घ्या आणि पाड्यावर जाऊन सांगा. विषारी दारूनं १९८१ ला बंगलोरात तीनशेच्या वर माणसं मेली, १९९२ ला कटकला दोनशेच्या वर. हे विष मोहाचं नसतं. कारखान्यात रंग, वार्निश आणि इतर कामाला लागणारं मिथाईल नावाचं स्पिरिट चोरून आणून दारूत मिसळतात, त्यानं माणसं मरतात. ते दिसायला, वासाला दारूसारखंच असतं. प्यायल्यावर लगेच कळत नाही. अर्ध्या दिवसानं, दुसऱ्या दिवशी पोटात कळ येते, ओकाऱ्या होतात, डोळ्यांपुढं धुकं येतं, श्वास जोरजोरात चालतो. "उतरली नाही अजून" म्हणून झोपवून ठेवू नका. ताबडतोब दवाखान्यात न्या. वेळेवर नेलं तर उपचार आहे, उशीर झाला तर डोळे जातात, जीव जातो. आणि त्याच कॅनमधली ज्यांनी ज्यांनी प्यायली त्या सगळ्यांना उठवून न्या, त्रास होत नसला तरी. केस होईल म्हणून घाबरून माणूस घरात ठेवू नका. हा कायद्याचा धाकच माणसं मारतो. म्हणून आपली मागणी पाहिजे की विषबाधेचा रोगी आणणाऱ्यावर दारूची केस करायची नाही.

आता शेवटचा मुद्दा, आणि हा घाईचा आहे. गेल्या वर्षी २४ डिसेंबर १९९६ ला दिल्लीत अनुसूचित क्षेत्रातल्या पंचायतींचा कायदा झाला. भूरिया समितीच्या अहवालावरून तो आला. त्याच्या कलम ४ मध्ये 'एम' अक्षराचा एक भाग आहे. योग्य पातळीच्या पंचायतीला आणि ग्रामसभेला कोणते अधिकार द्यायचे ते तिथं एकाखाली एक लिहिलं आहे. पहिला, कोणत्याही मादक पदार्थाची बंदी करायचा किंवा त्याची विक्री आणि पिणं नियंत्रित करायचा अधिकार. दुसरा, गौण वनोपजाची मालकी. तिसरा, जमीन परक्याकडं जाणं थांबवायचा आणि गेलेली परत मिळवायचा. चौथा, गावच्या बाजाराचा. पाचवा, सावकारीवर नियंत्रणाचा. मी हे पहिल्यांदा वाचलं तेव्हा मला वाटलं, हे आपल्याच गावात बसून लिहिलंय काय? दारू, मोह, जमीन, बाजार, सावकार. आपल्या घरात ह्या पाच गोष्टी अशाच एकमेकींना बांधलेल्या आहेत. एक सोडवायला गेलं की बाकीच्या चार ओढल्या जातात.

राज्यांना आपले कायदे ह्याच्याशी जुळवून घ्यायला एक वर्ष दिलं आहे. म्हणजे ह्या २४ डिसेंबरपर्यंत. चार महिने राहिले. मुंबईत कोणीतरी टेबलावर बसून लिहील, "ग्रामसभा" ह्या शब्दाच्या जागी "जिल्हा परिषद" लिहून मोकळा होईल. दारूचा अधिकार जिल्ह्याला गेला की परवाने कोणाला मिळणार ते मी सांगायला नको. शिवाय पाचव्या अनुसूचीत राज्यपालांना अधिकार आहे, कोणताही कायदा अनुसूचित भागाला लागू करायचा नाही किंवा बदल करून लागू करायचा. केंद्र सरकारनं १९७४ च्या सुमाराला राज्यांना सूचना दिल्या होत्या की आदिवासी भागात दारूची धंदेवाईक विक्री बंद करा आणि घरच्या वापरापुरती, देवाधर्मापुरती दारू काढायला मोकळीक ठेवा. तेवीस वर्षं झाली. महाराष्ट्रात दुकानं वाढली आणि मोकळीक आली नाही. सरकारनं सूचनेच्या नेमकं उलटं केलं.

एक शंका बाया नक्की काढतील. म्हणतील, पोरी, ग्रामसभा म्हणजे कोण? पुरुषच ना? पिणारेच ठरवणार काय प्यायचं? बरोबर आहे. आपल्या पंचात बाया बसत नाहीत, ग्रामसभेत बसल्या तर मागं बसतात, पदर ओढून. म्हणून माझ्या ठरावात पहिली अट तीच आहे. ऐका आता.

एक. दारूवरचा कोणताही निर्णय आधी गावातल्या बायांच्या बैठकीत होईल. ज्या सभेला बाया नाहीत त्या सभेचा दारूवरचा ठराव संघटना मानणार नाही.

दोन. देवाची, लग्नाची, मयतीची मोहाची दारू किती आणि कधी काढायची ते गाव ठरवेल. नवसागर, स्पिरिट आणि विक्री, तिन्ही गावात बंद. पंचाचा दंड दारूत घेणार नाही, देणार नाही.

तीन. विक्री करून पोट भरणाऱ्या विधवा, परित्यक्ता बायांचं मडकं फोडायच्या आधी त्यांना रोजगार हमीचं काम, रेशन आणि मोहफुलाच्या विक्रीतला वाटा मिळवून द्यायची जबाबदारी गाव आणि संघटना घेईल.

चार. सरकारकडं मागणी. अनुसूचित क्षेत्रात दारूचा अधिकार थेट ग्रामसभेला द्या. मोहफूल साठवण्या-विकण्यावरचा परवाना काढून टाका. घरच्या वापरापुरत्या दारूच्या जुन्या केसेस मागं घ्या. ग्रामसभेनं नाही म्हटलं की देशी दारूचं दुकान बंद झालंच पाहिजे. व्यसनी माणसाला तालुक्याच्या दवाखान्यात उपचार द्या.

पाच. प्रत्येक पाड्यावर एक वही. दारूपायी कोणाला मारलं, कोणाची जमीन गहाण पडली, कोणावर केस झाली, किती हप्ता गेला, किती दिवसाची मजुरी बुडाली. शिकलेल्या पोरांनी लिहायचं, बायांनी सांगायचं. डिसेंबरच्या आत ह्या वह्या घेऊन आपण धुळ्याला जाऊ.

बायांना मी एवढंच म्हणते, पोलिसाला बोलावलं तर तो तुमचा लढा तुमच्या हातातून काढून घेईल. भावांना म्हणते, रिवाज वाचवायचा असेल तर त्याला बाजारातून परत घरी आणा. सरकारनं शंभर वर्षांपूर्वी मोहावरचा हक्क काढून घेतला आणि बदल्यात दुकान दिलं. आपल्याला दुकान परत करायचं आहे आणि हक्क परत घ्यायचा आहे, जमिनीसारखाच.

ज्यांना बोलायचं असेल त्यांनी आता बोला. विरोधात बोलणाऱ्यांना आधी वेळ द्या. मग मतं घेऊ, आणि बायांचे हात वेगळे मोजा.

जंगल जमीन आमच्या हक्काची! जिंदाबाद!